घरमालकाचं काम करणारा नट

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मुलगा यंदा रोममध्ये मातुरिता, म्हणजे तिथली शालान्त परीक्षा, देतोय. त्याला सिनेमात जायचंय, पण हिरो म्हणून नाही. इटलीत ज्यांना 'कारात्तेरिस्ता' म्हणतात, तशी छोटी, ठसठशीत माणसं त्याला उभी करायची आहेत. त्यावर तुम्ही म्हणालात, "नटच व्हायचं तर हिरो हो, नाहीतर गुपचूप इंजिनिअरिंगला जा. नोकराचाकरांची कामं करायला आपण इथवर आलो नाही."

मला काळजी या शेवटच्या वाक्याची वाटते. रोममधली पहिली चार वर्षं तुम्ही हॉटेलात भांडी घासलीत, असं तुम्हीच लिहिलंय. त्या कष्टांची लाज तुमच्या मुलाला नाही, तुम्हाला आहे. तो हल्ली तुमच्याबरोबर जेवायला बसत नाही, याला तुम्ही हट्ट म्हणता. साहेब, त्याला लागलंय ते.

आणि दुय्यम भूमिका करणारा म्हणजे हिरो होता होता राहिलेला, हा समज आधी काढून टाका. लिओपोल्दो त्रिएस्ते हे नाव मुलाला विचारा. 1917 साली दक्षिण इटलीतल्या रेज्जो कालाब्रियात जन्मलेला हा माणूस मुळात नाटककार. 1952मध्ये दिग्दर्शक फेलिनीने त्याला 'लो शेइक्को ब्यांको' या चित्रपटात नवरदेव केलं. मधुचंद्राला रोममध्ये आल्यावर बायको नाहीशी होते आणि हा बिचारा नातेवाइकांना कळू नये म्हणून घामाघूम होत फिरतो. (तुमचं पत्र वाचताना मला तोच आठवला.) पुढे 1974च्या 'गॉडफादर'च्या दुसऱ्या भागात तो घरमालक झाला. आधी रस्त्यात गुर्मीत बोलतो आणि समोरचा माणूस वस्तीतला वजनदार गुंड आहे हे कळल्यावर स्वतःहून भाडं उतरवत जातो. निघताना घाबरून त्याला दारही धड उघडता येत नाही. समोर त्या गुंडाच्या भूमिकेत रॉबर्ट डी नीरो बसलेला असताना आपण बघतो ते या माणसाकडे. जवळजवळ ऐंशीचा असताना, 1996मध्ये, त्याला सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा दावीद दी दोनातेल्लो हा इटलीतला मोठा चित्रपट पुरस्कार मिळाला. हे हरलेल्या माणसाचं आयुष्य आहे का?

इंजिनिअरिंगच्या प्रवेशासाठीच्या टोल्क चाचणीची माहिती तुमच्याकडे आहेच, त्यात मी भर घालणार नाही.

मुलालाही एक सांगणं आहे. छोट्या भूमिकेचं काम चित्रीकरणाच्या दिवसांपुरतं असतं, त्यावर घरभाडं निघेलच असं नाही. त्रिएस्तेने पटकथा लिहिल्या, दोन चित्रपट दिग्दर्शितही केले. म्हणून तूसुद्धा विद्यापीठात साहित्य घे आणि सोबत नाटक कर. रोममधल्या व्हिया तुस्कोलाना रस्त्यावरच्या चेंत्रो स्पेरिमेंताले या चित्रपट शाळेची प्रवेश परीक्षा जरूर दे, पण जागा मोजक्या असतात, तेव्हा सगळी भिस्त तिच्यावर ठेवू नकोस.

तुम्ही मात्र या रविवारी त्याच्याशेजारी बसून तो घरमालकाचा प्रसंग बघा. त्याला काय दिसलं ते विचारा आणि तो बोलत असताना मध्ये बोलू नका. पुढचं पत्र त्याला लिहू द्या.