'थकवा' म्हणजे नक्की काय? 'थकलो' आणि 'दमलो' यात फरक आहे का?

हिंदीतल्या 'थक गया'साठी मराठीत सरळ 'थकलो' म्हटलं तर चालेल का, असं तुम्ही विचारलंय. चालेल, कळेलही. पण दिवसभर राबून घरी आलेला मराठी माणूस चपला काढता काढता बहुतेक वेळा 'दमलो बाबा' म्हणतो.

आमच्या इमारतीला लिफ्ट नाही. एकदा भाजीच्या दोन पिशव्या घेऊन आई तिसऱ्या मजल्यावर पोचली, तर शेजारी नव्यानेच राहायला आलेला भोपाळचा मुलगा काळजीने म्हणाला, "काकू, तुम्ही थकलात." आई फणकारलीच. "थकले नाही रे, दमलेय. थकायला अवकाश आहे अजून!"

कारण वयस्कर माणसाबद्दल 'हल्ली फार थकलेत' म्हटलं की वय दिसायला लागलं, शरीर उतरलं, असा अर्थ निघतो. दमलेला माणूस घोटभर पाणी पिऊन पंख्याखाली पाच मिनिटं टेकला की उठतो. थकलेल्याचं तसं नसतं.

'थकवा' हे नाम. पुल्लिंगी. तो येतो, वाटतो, जाणवतो. 'थकवा झाला' म्हणत नाहीत. (दमणूक मात्र होते. मराठीला विचारू नका का ते.) पुढे प्रत्यय लागला की 'थकव्यामुळे', 'थकव्याने'. तापातून उठल्यावर आठवडाभर अंगात जे त्राण नसतं, तो थकवा. डॉक्टरांकडे हाच शब्द वापरा. 'दमतो' म्हणालात तर ते आधी जिना चढताना धाप लागते का, हेच विचारतील.

खरी गंमत 'थकवणे'मध्ये आहे. पोरांनी दिवसभर पळवलं तर 'पोरांनी दमवलं' म्हणायचं. 'थकवलं' ऐकलं की मला आधी पैसेच आठवतात: भाडं थकवलं, वीजबिल थकवलं, हप्ते थकले. बँकेच्या नोटिशीतली 'थकबाकी' आणि 'थकीत कर्ज' याच घरातले.

आणि प्रवासाचा असतो तो शीण. रात्रभर एसटीत बसून आलात, काही काम केलं नाही, तरी अंग आंबलेलं असतं ना, तो. गरम पाण्याने आंघोळ केली की शीण जातो. मोबाइलकडे बघून बघून डोळेही शिणतात; ते दमले असं कुणी म्हणत नाही.