बायबल वाचून आजच्या माणसाचा स्वभाव कळतो का?

इतका जुना ग्रंथ आजचा माणूस समजायला काय कामाचा, असं तुम्ही विचारलंय. मी ख्रिस्ती नाही. कोल्हापुरात वकिली करतो आणि माझ्याकडे बहुतेक दावे भावाभावांच्या वाटणीचे येतात. त्या अनुभवावरून सांगतो, नक्की कळतो.

लूकच्या शुभवर्तमानाचा, म्हणजे बायबलमधल्या येशूच्या एका चरित्राचा, 15वा अध्याय घ्या. त्यात येशूने सांगितलेली एक गोष्ट आहे. धाकटा मुलगा बाप जिवंत असतानाच हिस्सा मागून घेतो, परमुलखात उधळतो आणि उपासमारीची वेळ आल्यावर परत येतो. बाप धावत जाऊन त्याला मिठी मारतो, मेजवानी घालतो. लोक नेहमी या धाकट्याबद्दल बोलतात. मला थोरला जास्त महत्त्वाचा वाटतो. तो शेतावरून येतो, गाण्याबजावण्याचा आवाज ऐकतो आणि रागाने घरात पाऊल टाकत नाही. इतकी वर्षं राबलो, पण मित्रांबरोबर मजा करायला मला साधं करडूही दिलं नाहीत, म्हणतो. हिशेबाने त्याचं काहीच गेलेलं नाही. वाटणी झालेली आहे. माझं आहे ते सगळं तुझंच, असं बाप स्वतः सांगतो.

करवीर-कागलकडची माणसं दोन-दोन गुंठ्यांसाठी वर्षानुवर्षं तारखांना येतात, आणि खोदून विचारलं की हेच बाहेर पडतं: म्हाताऱ्यांचं मी केलं, ऊस मी जगवला, कौतुक मात्र पुण्याला गेलेल्याचं. दाव्याच्या कागदात यातलं एक अक्षर नसतं. हिस्सा चोख मिळूनही भाऊ एकमेकांच्या दारात का जात नाहीत, हे मला या गोष्टीमुळे उमगलं.

दुसरी गोष्ट प्राचीन इस्राएलच्या दावीद राजाची. उरीया या आपल्याच सैनिकाच्या बायकोला तो आपल्याकडे आणतो, ते लपेना म्हणून उरीयाला लढाईत पुढे ठेवून मारवतो. नाथान हा संदेष्टा, म्हणजे देवाचा निरोप सांगणारा, त्याला थेट दोष देत नाही. श्रीमंताने गरिबाची एकुलती एक मेंढी कापली, एवढंच सांगतो. दावीद भडकतो, असला माणूस मेलाच पाहिजे म्हणतो. तेव्हा नाथान म्हणतो, तो माणूस तूच. दुसऱ्याचा गुन्हा चटकन दिसणारी आपली नजर इतकी स्वच्छ टिपलेली मी फार कमी ठिकाणी वाचली आहे. त्यातही हा इस्राएली लोकांचा सर्वांत लाडका राजा, आणि त्याचं पाप त्यांनी झाकलेलं नाही!

चमत्कार खरे की खोटे, हा वाद तूर्त बाजूला ठेवा. पहिल्या पानापासून सुरुवातही करू नका, पुढच्या वंशावळ्या आणि नियमांत अडकाल. आधी लूक 15 वाचा, मग दावीदच्या गोष्टीसाठी बायबलमधल्याच ‘दुसरे शमुवेल’ या पुस्तकाचे 11 आणि 12 हे अध्याय. मराठीत सगळं सहज मिळतं.