आधी साल लिही

अनेक आशीर्वाद.

रशियन तत्त्वज्ञ इव्हान इल्यिन वाचून तुझं डोकं चक्रावलंय. नाझींनीच नोकरीवरून काढलेला माणूस नाझींचं कौतुक कसं करतो, मग याला फॅसिस्ट म्हणायचं की नाही, निबंधाला शीर्षक काय द्यायचं? शीर्षक राहू दे गं. आधी प्रत्येक अवतरणापुढे साल लिही.

१९२२ घे. रशियातल्या बोल्शेविक, म्हणजे कम्युनिस्ट, सरकारने नकोशा विचारवंतांना बोटीत बसवून पेत्रोग्राडहून (आजचं सेंट पीटर्सबर्ग) तेव्हाच्या जर्मनीतल्या श्टेटिनला धाडलं. सोबत एक हिवाळी कोट, एक उन्हाळी कोट, एक सूट आणि मोजके कपडे, बस. इल्यिनच्याच बोटीवर तत्त्वज्ञ निकोलाय बेर्दियाएवही होता. तीन वर्षांनी इल्यिनने दुष्टतेचा बळाने प्रतिकार करण्यावर पुस्तक लिहिलं, त्यात दुष्टतेला बळाने विरोध करू नये या टॉलस्टॉयच्या शिकवणीवर तुटून पडला आणि ते यादवी युद्धात बोल्शेविकांशी लढून हरलेल्या श्वेत सैन्याला अर्पण केलं. त्यावर बेर्दियाएवने जळजळीत टीका केली. हद्दपारी दोघांच्याही वाट्याला आली होती. तेव्हा 'देशोधडीला लागला म्हणून असा झाला' ही तुझी पळवाट बंद. मसुद्यात ती जागोजागी दिसते, खोडून टाक.

पुढे बघ. मे १९३३: जर्मनीतल्या घडामोडी तिथल्या ज्यूंच्या नजरेतून तोलायला त्याने छापून नकार दिला. १९३४: बर्लिनच्या रशियन संस्थेतली नोकरी गेली. १९३८: स्वित्झर्लंडला पळाला, तिथे संगीतकार रॅखमॅनिनॉफने पैशांची मदत केली. इथवर वाचून तू 'शहाणा झाला' असं लिहून मोकळी झालीस. साल बघ ना! १९४८ मध्ये, नाझी नेत्यांवरचा न्यूरेंबर्गचा मुख्य खटला संपल्यावर, त्याने फॅसिझमच्या चुका मोजून दाखवल्या: निरीश्वरता, एकपक्षीय सत्ता, सर्वंकष राज्य. पण मुळात फॅसिझम ही बोल्शेविझमवरची रास्त प्रतिक्रिया होती, हे म्हणणं सोडलं नाही. वर स्पेनचा हुकूमशहा फ्रँको आणि पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार यांना शाबासकी दिली. नोकरी गेल्याने मत बदलतं, हे तुला कुणी सांगितलं?

आमच्या विभागात मला 'पंचांगवाले सर' म्हणायचे. म्हणोत बापडे. नुसती मतं झोडणाऱ्यांची पुस्तकं निघाली, माझं राहिलं ते राहिलंच, आणि त्याची खंत आहे. पण साल न तपासता वर्गात वाक्य फेकलं नाही, आजही फेकणार नाही. तो हेका म्हण हवं तर.

कारण साल पुसलं की काय होतं, हे क्रेमलिनमध्ये दिसलं. २००५ मध्ये इल्यिनचे अवशेष मॉस्कोच्या दोन्स्कोय मठात आणून पुरले. ३० सप्टेंबर २०२२ ला युक्रेनचे चार प्रांत जोडून घेतल्याचं भाषण पुतिन यांनी इल्यिनच्या देशप्रेमाच्या ओळींनी संपवलं. ऐकायला गोड ओळी, मागचं-पुढचं सगळं गायब.

तुझी चिकाटी मला आवडते, म्हणून तर एवढं रागावतोय. रशियाच्या विभाजनावरचा त्याचा १९५० चा लेख तू वाचलेला दिसत नाहीस. तो वाचेपर्यंत युक्रेनवर एक ओळ लिहू नकोस. मग समासात सालं घालून मसुदा परत पाठव.