भूदृश्यांतून इतिहास सांगणारे माहितीपट पाहायचे असतील, तर सुरुवात कोणापासून करावी?

चिलीचे दिग्दर्शक पात्रिसियो गुस्मान यांच्या २०१० सालच्या ‘नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट’ या माहितीपटापासून सुरुवात करावी. चिलीच्या उत्तरेकडील अटाकामा वाळवंटाच्या कोरड्या हवेमुळे खगोलशास्त्रज्ञांना निरभ्र आकाश मिळते आणि त्याच कोरडेपणामुळे लष्करी हुकूमशहा पिनोशेच्या राजवटीत मारून तिथे पुरलेल्या माणसांचे अवशेषही टिकतात. त्यामुळे दुर्बिणी आणि आप्तांच्या शोधात वर्षानुवर्षे वाळवंट धुंडाळणाऱ्या कालामा या तिथल्या शहरातील स्त्रिया एकाच चौकटीत येतात. चाकाबुको ही सोऱ्याच्या खाणकामगारांची ओसाड वसाहत लष्कराने राजकीय कैद्यांची छावणी केली, तो भाग (माझ्या मते) सर्वांत परिणामकारक आहे. मात्र पिनोशेला सत्तेवर आणणाऱ्या १९७३च्या लष्करी उठावाची पार्श्वभूमी माहितीपटात फारशी उलगडलेली नसल्याने ती आधी वाचून घ्यावी.