पुरवणी की बाजारपान

प्रिय,

तुझ्या पत्राला उत्तर द्यायला उशीर झाला. दोनदा लिहिलं आणि दोनदा फाडलं. पहिल्या खर्ड्यात मी तुझ्या संपादकांवर तोंडसुख घेतलं होतं, दुसऱ्यात स्वतःचीच रडकथा लावली होती. दोन्हीचा तुला काही उपयोग नव्हता.

"बायकांवर लिहायचंय की अर्थकारणावर? एक काय ते ठरव," असं ते तुला म्हणाले. पहिलं म्हटलंस तर शनिवारची पुरवणी, दुसरं म्हटलंस तर बाजारपान. हाच प्रश्न माझ्यासमोर पस्तीस वर्षांपूर्वी आला होता आणि मी मुकाट्याने पुरवणी घेतली. म्हणून माझा कित्ता गिरवू नकोस. जिने हा प्रश्नच मोडीत काढला, अशा एका स्वीडिश पत्रकार बाईंबद्दल सांगते.

कात्रिन मार्साल. जन्म 1983चा. आधी त्या किएलोस या आडनावाने लिहीत. स्टॉकहोमच्या 'आफ्टनब्लाडेट' या दैनिकात ऐन तरुण वयात त्यांनी अग्रलेख लिहिले, पुढे 'डागेन्स न्यूहेतेर'साठी लंडनहून लिहू लागल्या. पहिल्या दैनिकाचं संपादकीय पान सोशल डेमोक्रॅट वळणाचं, दुसऱ्याचं उदारमतवादी. घर बदललं तरी बाईंचा विषय बदलला नाही, हे मला आवडतं. आणि अग्रलेखाच्या शिस्तीला कमी लेखू नकोस. ठरलेल्या जागेत, ठरलेल्या वेळेत एकच मुद्दा शेवटापर्यंत न्यायचा, ही तालीम पुढे पुस्तकात कामी येते.

ते पुस्तक 2012चं. स्वीडिश नावाचा अर्थ होतो 'एकमेव लिंग'. फ्रेंच स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हारच्या गाजलेल्या पुस्तकाचं स्वीडिश नाव 'दुसरं लिंग' असं आहे, त्याला काढलेला हा चिमटा. तिकडच्या वाचकाला तो लगेच कळतो, बाहेरच्याला नाही. म्हणून इंग्रजीत आल्यावर शीर्षकात थेट प्रश्न आला: अ‍ॅडम स्मिथचं रात्रीचं जेवण कोण रांधत होतं?

या प्रश्नापाशी जरा थांब, कारण सगळी कारागिरी इथे आहे. आधुनिक अर्थशास्त्राचा जनक मानतात त्या स्मिथने 1776च्या ग्रंथात म्हटलं की खाटीक, बिअर गाळणारा आणि पाववाला आपल्याला जेवण देतात ते दयेपोटी नव्हे, स्वतःच्या फायद्यासाठी. अर्थशास्त्राच्या पहिल्याच तासाला हे शिकवतात. मार्सालबाईंनी एवढंच विचारलं की खाटकाकडून आणलेलं मांस चुलीवर कोणी चढवलं? स्मिथने लग्न केलं नव्हतं. वडील त्याच्या जन्माआधीच गेले. आयुष्याचा मोठा भाग तो आईबरोबर राहिला. तिचं नाव मार्गारेट डग्लस. घर सांभाळायला जॅनेट नावाची मामे-मावस नात्यातली बहीण होती. आई 1784मध्ये गेली, त्यानंतर तो स्वतः सहाच वर्षं जगला. ही माहिती त्याच्या चरित्रांत आधीपासून छापलेली होती, फक्त ती अर्थशास्त्राच्या धड्याशेजारी फारसं कोणी ठेवून पाहिली नव्हती.

आता लगेच "आपल्याकडेही असंच आहे" असं लिहायला बसू नकोस. आपल्याकडचं आपण शोधायचं. मी एकदा ऊसतोड कामगारांवर वार्तांकन केलं आणि 'इतके कोयते निघाले' असं बिनदिक्कत लिहिलं. कोयता म्हणजे काय, तर नवरा-बायकोची जोडी. उचल जोडीची, हिशेब जोडीचा, आणि मुकादम बोलतो नवऱ्याशी. ती पहाटे उठून भाकऱ्या थापते, मग फडात दिवसभर मोळ्या बांधते, डोक्यावरून वाहून गाडीत चढवते, आणि आपल्या भाषेत ती अर्धा कोयता. तो शब्द मी तीन वेळा छापला आणि एकदाही मला खटकला नाही. तुझा विषय अशाच एखाद्या शब्दात बसलेला असणार, जो सगळे रोज वापरतात.

दुसरी गोष्ट, आकडे स्वतः वाच. आपल्याकडे 2019मध्ये राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाने वेळेच्या वापराची देशभर पाहणी केली. घरच्या बिनपगारी कामात बायकांची दिवसाला 299 मिनिटं जातात, पुरुषांची 97, असं सगळीकडे छापून आलं. तिपटीचा फरक, असं म्हणून लोक पुढे गेले. पण ही सरासरी त्या दिवशी असं काम केलेल्यांचीच आहे. केलेले किती? शंभरातल्या 81 बायका आणि 26 पुरुष. सगळ्यांत वाटून बघ: बायकांची साधारण 243 मिनिटं येतात, पुरुषांची 25. तिप्पट कुठली, जवळजवळ दहापट! हे कळायला अर्थशास्त्राची पदवी लागत नाही. तक्त्याखालची बारीक अक्षरातली ओळ वाचावी लागते, आणि ती बाजारपानावरचेही फार लोक वाचत नाहीत.

(स्वीडनला हे सोपं होतं, असं तुला वाटेल. थोडं होतं. तिथे 1971मध्ये नवरा-बायकोची करआकारणी वेगळी झाली, 1974मध्ये बाळंतपणानंतरची रजा बापालाही मिळू लागली. पण तिथेही हे पुस्तक लिहावं लागलंच ना?)

एक सावधगिरी. मार्सालबाईंचं सगळं मला पटत नाही. त्यांच्या पुस्तकातला 'आर्थिक माणूस', म्हणजे फक्त स्वतःचा फायदा बघणारा अर्थशास्त्रातला कल्पित माणूस, कधी कधी बुजगावण्यासारखा वाटतो. ज्या स्मिथला त्या कोर्टात उभं करतात, त्यानेच 1759मध्ये सहानुभूतीवर अख्खा ग्रंथ लिहिला होता. राष्ट्रीय उत्पन्नात घरकाम धरत नाहीत, हा मुद्दा न्यूझीलंडच्या मॅरिलिन वेअरिंग यांनी 1988मध्येच सविस्तर मांडला होता. तेव्हा तू ज्यांच्याविरुद्ध लिहिणार, त्यांचं आधी नीट वाच. नाहीतर एखादा प्राध्यापक दोन ओळींच्या पत्रात तुझा लेख आडवा करेल. माझा झालाय.

पण मार्सालबाईंचं दुसरं पाऊल बघ. पहिलं पुस्तक अनेक भाषांत गेल्यावर तोच प्रश्न पुन्हा उकळून विकणं सोपं होतं. पण बाई रोजच्या वस्तूंकडे वळल्या. चाक पाच हजार वर्षांपूर्वीचं, मग प्रवासाच्या बॅगेला चाकं लागायला 1970 का उजाडावं लागलं? बर्नार्ड सॅडो या अमेरिकनाने ती लावली, तेव्हा दुकानदार घ्यायला तयार नव्हते. मर्दाने ओझं उचलायचं, आणि बाई एकटी कशाला प्रवास करते! एका समजुतीपायी अख्खी बाजारपेठ अडून राहिली. हे बाजारपानावर छाप की पुरवणीत, सांग बघू?

तुझ्या संपादकांशी वाद घालू नकोस. आठशे शब्दांचा एकच लेख लिहून टेबलावर ठेव, आणि कुठल्या पानावर लावायचा ते त्यांना ठरवू दे. उसावरच करायचा असेल तर दसऱ्याच्या आधी बीडकडे जा. दिवाळी उलटली की गावं रिकामी होतात, घरी म्हातारी माणसं तेवढी राहतात. उचलीचे व्यवहार त्याच्या आधीच चालतात. मुकादमाची वही बघायला माग. पटकन देणार नाही, चहा घे, दुसऱ्या दिवशी परत जा. वही हातात आली की रक्कम नंतर बघ. बाईचं नाव लिहायला रकाना आहे का, ते आधी बघ, आणि मला फोन कर.

तुझी,
ताई