जापचे, म्हणजे भाज्या, मांस आणि नूडल्सचा कोरियन पदार्थ, घरी केलं की नूडल्सचा गोळा होतो आणि तळाला पाणी साचतं. चुकतं कुठे?

तुम्ही लिहिलंय की कांदा, गाजर, मशरूम, मांस, पालक असं सगळं एकाच कढईत हाक्का नूडल्ससारखं परतलं, त्यात उकडलेल्या नूडल्स टाकल्या आणि वरून सोया सॉस ओतला. गडबड इथेच झाली. जापचेमध्ये प्रत्येक जिन्नस वेगळा शिजवतात, त्याची चव त्यालाच वेगळी लावतात आणि शेवटी परातीत सगळं कालवतात. एकत्र परतलं की भाज्यांचं पाणी सुटतं, नूडल्स ते पिऊन फुगतात आणि मांस भाजलं जाण्याऐवजी वाफेवर शिजून चिवट होतं.

नावात ‘जाप’ म्हणजे मिसळलेलं आणि ‘चे’ म्हणजे भाज्या. सतराव्या शतकात कोरियाच्या जोसॉन राजघराण्याच्या दरबारात हा पदार्थ होता तेव्हा त्यात नूडल्स नव्हत्याच, त्या विसाव्या शतकात आल्या. म्हणून नूडल्सचा ढीग आणि नावाला चार गाजरं असं प्रमाण मला पटत नाही. कालवताना शिजलेल्या नूडल्स निम्म्या आणि बाकी सगळं मिळून निम्मं दिसायला हवं.

चार जणांसाठी कोरड्या नूडल्स 200 ग्रॅम, मांस 150 ग्रॅम, पालक 200 ग्रॅम, एक मध्यम कांदा, एक गाजर, अर्धी लाल सिमला मिरची आणि वाळवलेली शिताके मशरूम 5. मांस कोरियात बहुधा गाईचं असतं, डुकराचंही चालतं. चिकन वापरायचं तर मांडीचं घ्या, छातीचं लगेच कोरडं पडतं. पुढे जिथे मोठा चमचा म्हटलंय तो 15 मिलीचा, लहान 5 मिलीचा.

दोन वस्तूंना पर्याय शोधू नका. पहिली म्हणजे दांगम्यॉन, रताळ्याच्या स्टार्चच्या करड्या, जाडसर नूडल्स. मुगाच्या काचेसारख्या बारीक नूडल्स परतताना तुटतात आणि तांदळाच्या नूडल्सना तो रबरी चिवटपणा येत नाही. दुसरी, भाजलेल्या तिळाचं तपकिरी तेल. आपल्याकडे किराणा दुकानात मिळणारं फिकट तिळाचं तेल कच्च्या तिळाचं असतं, त्याला हा वास नाही. तेच घालावं लागलं तर खमंग भाजलेल्या तिळाची भरड दुप्पट घाला. सोया सॉस साधा, आंबवलेला घ्या. चायनीजच्या गाडीवर असतो तो दाट काळा सॉस घातला तर रंग डांबरासारखा येतो.

मशरूम आधी कोमट पाण्यात दोन तास भिजवा. कडक देठ काढा, पिळा, पातळ चिरा आणि त्याला एक लहान चमचा सोया व अर्धा लहान चमचा साखर चोळा. मांस अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेवलं की सुरी नीट चालते. बोटाएवढ्या लांब, अर्धा सेंटिमीटर जाड पट्ट्या कापा. त्यांना एक मोठा चमचा सोया, एक लहान चमचा साखर, एक पाकळी ठेचलेला लसूण, थोडं तिळाचं तेल आणि मिरपूड लावून ठेवा.

तुमचं पाणी बहुतेक पालकातूनच आलं. उकळत्या पाण्यात पालक 30 सेकंद, लगेच गार पाण्यात, आणि मग दोन्ही मुठींत दाबून पिळायचा. 200 ग्रॅम पालकाचे लिंबाएवढे दोन-तीन गोळेच उरले पाहिजेत, त्याहून मोठे राहिले तर पाणी अजून आत आहे. गोळे मोकळे करून मीठ आणि तिळाचं तेल लावा. पालक कढईत जाऊच द्यायचा नाही.

परतताना फिकट ते गडद असा क्रम ठेवा: कांदा, गाजर, सिमला मिरची, मशरूम, शेवटी मांस. प्रत्येक वेळी मोठी आच, लहान चमचाभर तेल, चिमूटभर मीठ आणि एक-दोन मिनिटं. भाजी करकरीत असतानाच काढून ताटात पसरा, ढीग केला तर स्वतःच्या वाफेनं घामेजते. या क्रमानं गेलं की मध्ये कढई धुवावी लागत नाही, कांदा पांढरा राहतो आणि मांसाचा रस कढईतच उरतो. तो नूडल्ससाठी हवाय.

आता नूडल्स. अडीच लिटर उकळत्या पाण्यात 6 ते 7 मिनिटं. एक तार काढून चावा: मधे कडक कणी नको, पण दाताला ताण जाणवला पाहिजे. गार पाण्याखाली दहा-पंधरा सेकंद धुवा म्हणजे वरचा चिकट स्टार्च जातो, आणि चाळणीत खडखडीत निथळू द्या. पाण्यात पडून राहिल्या तर पाणीच पितात, मग सोया आत शिरत नाही. कात्रीनं दोन-तीनदा कापा. वाढदिवसाला मात्र दीर्घायुष्याची खूण म्हणून पुष्कळ जण लांबच ठेवतात.

मांसाच्या त्याच कढईत 3 मोठे चमचे सोया, दीड मोठा चमचा साखर आणि एक मोठा चमचा साधं तेल घाला. बुडबुडे आले की नूडल्स टाकून मध्यम आचेवर 3-4 मिनिटं परता. सुरुवातीला रस तळाशी हिंदकळतो, मग तारा मधासारख्या तपकिरी आणि पारदर्शक होतात आणि तळ कोरडा दिसतो. तिथे थांबा. रस कच्चा राहिला तर तोच नंतर ताटलीत उतरतो, आणि तेलात न परतलेल्या नूडल्स गार होताना एकमेकींना धरतात. तुमचा गोळा असाच झाला असणार.

कोमट झाल्यावर परातीत सगळं घेऊन हातानं खालून वर, पोहे कालवतो तसं मोकळं करत मिसळा. चिमट्यानं भाज्या एका बाजूला गोळा होतात. दीड मोठा चमचा तिळाचं तेल आणि भाजलेले तीळ याच वेळी घाला, आचेवर त्याचा वास उडतो. अंड्याचा पिवळा आणि पांढरा भाग वेगवेगळा, कागदासारखा पातळ भाजून त्याच्या पट्ट्या वर घातल्या की हिरवा, लाल, काळा, पांढरा, पिवळा हे पाचही रंग पुरे होतात.

जापचे कोमट किंवा गारही वाढतात, त्यामुळे पाहुण्यांच्या तासभर आधी करून ठेवता येतं. दुसऱ्या दिवशीसाठी करायचं असेल तर पालक गाळून हिरवी सिमला मिरची घाला, कारण पालक सगळ्यात आधी खराब होतो. फ्रीजमध्ये नूडल्स पांढरट आणि ताठ पडतात. घाबरू नका, स्टार्च आळलेला असतो. कढईत दोन मोठे चमचे पाणी घालून मंद आचेवर झाकण ठेवा, तारा पुन्हा पारदर्शक झाल्या की गरम भातावर घ्या.