'प्रातिनिधिक' साहित्यसंग्रह वाचून एखाद्या राज्याची संस्कृती कळते का? प्रत्येक राज्याचा एकेक संग्रह वाचायचा बेत आहे, कसा वाटतो?

बेत चांगला आहे, वाचा. मी मात्र मुखपृष्ठावर 'प्रातिनिधिक' दिसलं की पुस्तक मागून उघडते. आधी परिशिष्ट बघते. का, ते सांगते, जरा लांबेल.

काही वर्षांपूर्वी आमच्या जिल्ह्यातल्या साहित्यिकांचा असाच एक संग्रह निघाला. जिल्हा कुठला ते सांगत नाही, माणसं अजून भाजीबाजारात भेटतात. निमित्त संमेलनाचं. मी कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवत होते आणि संपादक मंडळात एक तरी बाई हवी होती, म्हणून मी. मी ओव्या आणून दिल्या. माझ्या सासूबाई, त्यांच्या जावा आणि गल्लीतल्या बायका यांच्याकडून कॅसेटवर घेतलेल्या. गावात गिरणी येऊन जमाना झाला होता, जातं उरलं होतं ते लग्नाच्या हळदीपुरतं, पण ओव्या सगळ्यांना पाठ. रामसीतेच्या होत्या, माहेराच्या होत्या, आणि 1972च्या दुष्काळाच्याही होत्या. या बायकांनी तेव्हा रस्त्याच्या कामावर खडी फोडलेली. मुकादम हजेरी कशी खातो, कामावर वाटायची पौष्टिक सुकडी कुणाच्या पदरात जास्त पडते, लाल मिलोची (परदेशातून आलेल्या ज्वारीची) भाकरी थापताना कशी तुटते, हे सगळं ओवीत. पाझर तलावाच्या कामावर एक बाई बाळंत झाली होती. तिच्यावर चुलत सासूबाईंनी रचलेल्या ओव्यांत तर मुकादमाला नाव घेऊन शिवी होती. छंदात बसवलेली.

समितीने प्रत्येक साहित्यिकासाठी एक फॉर्म छापला होता: पूर्ण नाव, जन्मतारीख, शिक्षण, प्रकाशित पुस्तकं, पुरस्कार, पासपोर्ट साइज फोटो, संमतिपत्र. मी म्हटलं, बायका हयात आहेत, नावं देते, अंगठे आणते. अध्यक्ष निवृत्त प्राचार्य. ते म्हणाले, "मॅडम, एकही पुस्तक नाही, कवयित्री म्हणून कसं घ्यायचं? याचं आपण स्वतंत्र पुस्तक काढू." ते स्वतंत्र पुस्तक अर्थातच निघालं नाही. ओव्या गेल्या परिशिष्टात, बारीक टायपात, 'संकलन' म्हणून माझं नाव लावून. बायकांची नावं गाळली. सीता राहिली, मुकादम गेला. पुस्तकाच्या सुरुवातीच्या पानांवर काळ्या आईच्या आणि बळीराजाच्या कविता. कवी कोण, तर दोन तहसीलदार, एक विक्रीकर अधिकारी आणि सरांचे जावई. प्रस्तावनेत वर लिहिलंय, 'जिल्ह्याच्या मातीचा अस्सल आवाज'.

आता गंमत बघा. या मातीतला सगळ्यात जुना संग्रह म्हणजे सातवाहन राजा हालाच्या नावावरची गाथासप्तशती, महाराष्ट्री प्राकृतातली. कोटीभर गाथांतून सातशे निवडल्या असं तिच्यात सुरुवातीलाच सांगून टाकलंय. राजाचा संग्रह, पण आत नांगऱ्या, गावच्या पाटलाचं घर, कापसाची शेतं, गोदावरीचा काठ, आणि बोलणारी बहुतेकदा बाई. वेबर या जर्मन पंडिताने निरनिराळ्या पोथ्या एकत्र करून 1881 मध्ये छापल्या तेव्हा गाथा भरल्या 964, आणि सगळ्या पाठांत समान निघाल्या फक्त 430च्या आसपास. नकलकारांनीही आपापल्या पसंतीच्या घातल्या, नावडत्या काढल्या. समित्या तेव्हाही होत्या म्हणायच्या, फक्त फॉर्म नव्हता.

इंग्रजी अमदानीत 1854 साली परशुरामतात्या गोडबोल्यांनी 'नवनीत' काढलं, जुन्या मराठी कवितांचे वेचे. शिकलेल्या पिढ्यांची जुन्या कवितेची ओळख बरीचशी त्यातूनच झाली. त्यात वामन पंडित आणि मोरोपंत यांचा मान मोठा. पोवाडे शाहिरांकडून मिळवून पुस्तकात आणायला 1891 उजाडलं, आणि ते काम शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्या जोडीने केलं कुणी, तर ॲकवर्थ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने, जो मुंबईचा म्युनिसिपल कमिशनर होता. तिथेही साहेबाला हवे होते ते इतिहासप्रसिद्ध स्त्रीपुरुषांचे पोवाडे. जात्यावरची बाई रांगेत मागेच. तिच्याकडे नंतर साने गुरुजी गेले, सरोजिनी बाबर गेल्या, आणि हेमा राइरकर व गी प्वातवॅं यांनी तर लाखावर ओव्या गावोगाव फिरून जमवल्या. त्यात गाणारणीचं नाव आहे, गाव आहे. म्हणजे नाव छापता येतं, सर.

राज्यवार वाचण्याबद्दल माझं मत रोखठोक आहे: राज्य हे माप नवं आहे, साहित्य जुनं आहे. साहित्य अकादमीने के. एम. जॉर्ज यांच्या संपादनाखाली आधुनिक भारतीय साहित्याचे तीन जाडजूड इंग्रजी खंड काढले, 1992 पासून. मेहनत अफाट आहे, पण मांडणी भाषावार. प्रत्येक भाषेचा आढावा, मग तिच्या वाट्याच्या कविता. भाषावार प्रांतरचनेचा नकाशाच पुस्तकात उतरलाय. अकादमी 24 भाषा मानते, त्यांत भिली नाही, बंजाऱ्यांची गोरमाटी नाही. नंदुरबारची भिल्ल म्हातारी मग कुठल्या राज्याच्या पुस्तकात शोधणार?

उलट 1604 साली गुरू अर्जनदेवांनी केलेलं आदिग्रंथाचं संकलन बघा. शिखांना तो ग्रंथ म्हणजे साक्षात गुरू आहे, त्याला 'संग्रह' म्हणताना माझी जीभ अडखळते, तरी निवडीपुरतं बोलते. त्यात आपल्या नामदेवांची 61 पदं आहेत. कबीर विणकर, रविदास चर्मकार, शेख फरीद मुसलमान, जयदेव पूर्वेकडचे. मांडणी बहुतांशी रागांवर, प्रांतावर नाही. नामदेव तिथे 'महाराष्ट्राचे प्रतिनिधी' म्हणून गेलेच नाहीत. ते आपण 2015 साली पंजाबातल्या घुमानला भरलेल्या मराठी साहित्य संमेलनात केलं.

तेव्हा कुठून सुरुवात करायची? जो संग्रह आपण कुठे उभे आहोत ते कबूल करतो, तिथून. अर्जुन डांगळ्यांनी 1992 मध्ये 'पॉइझन्ड ब्रेड' काढलं. मराठी दलित साहित्याचं इंग्रजी भाषांतर, मुखपृष्ठावर तसंच लिहिलेलं, सगळ्या मराठीचा ठेका नाही घेतलेला. सुझी थारू आणि के. ललिता यांचे 'विमेन रायटिंग इन इंडिया'चे दोन खंड (1991 आणि 1993) घ्या. मांडणी काळानुसार आहे, थेरींपासून, म्हणजे प्राचीन बौद्ध भिक्षुणींपासून, सुरू होतात, आणि ताराबाई शिंदे आपल्या काळातल्या दुसऱ्या भाषांतल्या बायकांशेजारी बसलेल्या भेटतात. राज्य एकेक करून संपवण्यापेक्षा हे बरं.

दोन गोष्टी सांगायच्या राहिल्या. गाथासप्तशतीतल्या गाथा खेडवळ बायकांनीच रचल्या असं मी म्हणत नाही. दरबारी कवींनी खेड्याचा वेष घेतला, असं म्हणणारे अभ्यासक आहेत आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. शिवाय अकादमी मान्यता नसलेल्या भाषांतल्या लेखकांना भाषा सन्मान देते, हेही खरं.

आता सरांसाठी, कारण त्यांचा नातू इथे असतो आणि आजोबांना वाचून दाखवतो. दुसरी आवृत्ती काढताय असं कानावर आलंय. प्रस्तावनेतलं ते वाक्य ठेवायचं असेल तर ओव्या पुढे घ्या, बायकांच्या नावांसकट, मुकादमासकट. तो वारलाय, अब्रुनुकसानीची भीती नको. कॅसेटी माझ्याकडे नीट आहेत. त्या वाजवायला टेपरेकॉर्डर तेवढा तुमचा आणा.